कपड्याची उलटी बाजू: वेषभूषेवरची काही पुस्तकं

वेषभूषेवरचं पुस्तक हातात आलं की आधी एकच गोष्ट तपासावी: पाठीचं चित्र आहे का? बहुतेक पुस्तकांत नसतं. नायिका समोरून, फार तर जराशी वळून, पदर हातावर घेऊन उभी. पाठीला हुक आहेत की नाड्या, काष्ट्याची शेव कुठे खोचली आहे, अंगरख्याच्या काखेत जोड दिला आहे का, यातलं काहीही कळत नाही. शिवणाऱ्याला तर नेमकं तेवढंच हवं असतं. समोरची बाजू काय, सिनेमा लावला की दिसतेच.

या एका कसोटीवर इथली पुस्तकं घासून बघितली आहेत. सगळी इंग्रजी आहेत. राज्य नाट्य स्पर्धेसाठी कपडे तयार करणारे, फॅशनच्या कोर्सला असलेले आणि जुने सिनेमे नीट बघण्याची हौस असलेले, असे तीन वाचक डोळ्यांसमोर आहेत. तिघांच्या गरजा वेगळ्या, त्यामुळे एकच पुस्तक तिघांना सुचवता येत नाही.

सुरुवात अर्थातच वेषभूषाकार भानू अथैयांच्या 'द आर्ट ऑफ कॉस्च्युम डिझाइन'पासून (हार्परकॉलिन्स, २०१०). कोल्हापूरच्या राजोपाध्ये घराण्यातला जन्म, वडील अण्णासाहेब चित्रकार, शिक्षण जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. मग 'ईव्ह्ज वीकली'साठी फॅशनची रेखाटनं, १९५६च्या 'सी.आय.डी.'पासून सिनेमा आणि एप्रिल १९८३मध्ये 'गांधी'साठी ऑस्कर. भारतीय व्यक्तीला मिळालेलं ते पहिलं ऑस्कर. पुस्तक मोठ्या आकाराचं, चित्रांनी भरलेलं. चित्रकाराची नजर कपड्याकडे कशी बघते, हे समजायला याच्या तोडीचं आपल्याकडे दुसरं नाही. पात्राची बाह्यरेषा आधी, रंग मग आणि दागिना सगळ्यात शेवटी, हा क्रम पानं उलटताना डोळ्यांत बसतो. 'वक्त'मधला (१९६५) साधनाचा अंगाबरोबर बसणारा कुडता आणि चुडीदार बघा. दागिना काढून टाकला तरी ती बाई लांबून ओळखू येते. हे बाह्यरेषेचं काम आहे.

पण या पुस्तकावरून कपडा बेतता येत नाही. मापाचे नमुने नाहीत, कापडाचा पन्हा किती आणि वार किती याचा हिशेब नाही. 'ब्रह्मचारी'तल्या (१९६८) मुमताजच्या केशरी साडीचंच घ्या. ती नेसलेली नसून शिवलेली होती, म्हणून तर नाचताना एक निरी हलत नाही. अशी साडी शिवताना खरा प्रश्न असतो तो निऱ्या कुठवर टीप मारून बंद करायच्या आणि कुठून मोकळ्या सोडायच्या हा. कमरेपासून वीतभर टीप मारली तर चालताना साडी साडीसारखी वाटते. मांडीपर्यंत मारली की स्कर्ट होतो. चेन डाव्या बाजूला, पदराखाली झाकली जाईल अशी बसवावी लागते आणि पदराचा भार चेनवर येऊ नये म्हणून आतून कमरेला वेगळा पट्टा द्यावा लागतो. पट्टा नसला की दुसऱ्या-तिसऱ्या वापरात चेन उसवते. इतक्या खोलात हे पुस्तक शिरत नाही. त्याचा तो हेतूही नसावा, पण घेणाऱ्याने आधीच समजून घेतलेलं बरं.

'आम्रपाली' (१९६६) हा दुसरा मुद्दा. या चित्रपटासाठी अथैयांनी अजिंठ्याच्या चित्रांचा आधार घेतला, हे प्रसिद्धच आहे. वैजयंतीमालाचे ते कपडे डोळ्यांना अजूनही थंडावा देतात. फक्त काळाचा हिशेब करा. आम्रपाली बुद्धाच्या काळातली. अजिंठ्याच्या १, २, १६ आणि १७ क्रमांकांच्या लेण्यांतली गाजलेली चित्रं इसवी सनाच्या पाचव्या शतकातली, वाकाटकांच्या वेळची. मध्ये हजार वर्षांच्या आसपास अंतर. म्हणून तो पेहराव चुकला असं मुळीच नाही. सिनेमा इतिहासाची परीक्षा देत नसतो. पण त्याचे फोटो समोर ठेवून कुणी 'बौद्धकालीन पेहराव' असं लेबल लावून प्रकल्प सादर करत असेल, तर पाय घसरणारच.

त्यासाठी शेजारी रोशन अल्काझींचं 'एन्शंट इंडियन कॉस्च्युम' (१९८३) हवं. दिसायला साधं, आकाराने आटोपशीर. शिल्पं आणि चित्रं बघून काढलेली रेखाचित्रं कालखंडानुसार लावली आहेत: मौर्य-शुंग, सातवाहन, कुशाण, गुप्त. अंतरीय (कमरेखालचं वस्त्र), उत्तरीय (खांद्यावरचं वस्त्र) आणि कायबंध (कमरेचा पट्टा) हे तीन शब्द पक्के केले की पुढची वाट सोपी आहे. शिल्पात कापडाच्या पाच-सहा रेषा एकमेकींत गुंतलेल्या असतात. त्यातली कुठली कायबंधाची, कुठली अंतरीयाच्या निऱ्यांची हे अल्काझी सोडवून दाखवतात. 'आम्रपाली'चाच विषय पुन्हा कुणाला रंगमंचावर आणायचा असेल, तर भारहूत आणि सांचीच्या स्तूपांवरच्या शिल्पांकडे बघावं. तीही बुद्धानंतर काही शतकांची, पण अजिंठ्यापेक्षा कितीतरी जवळची.

हे पुस्तक वापरताना हमखास होणारी चूक कापडाची असते. रेखाचित्रावरून अंतरीय बघितलं की वाटतं, हे काय, धोतरच. मग हाताशी असलेलं टेरिकॉटचं धोतर वापरलं जातं. टेरिकॉट अंगापासून फुगून उभं राहतं. शिल्पातलं कापड मात्र मांडीला चिकटल्यासारखं पडलेलं असतं. धुऊन खळ काढलेली मलमल घ्यावी, साडेचार-पाच मीटर, ओलसर असताना पिळून गाठ मारून वाळवावी. उलगडली की बारीक चुण्या तयार. कमरेला आधी सुती नाडी घट्ट बांधायची आणि अंतरीय तिच्यात खोचायचं. कायबंध हा वरून दिसण्यापुरता ठेवायचा. त्याच्यावर भार टाकला तर दुसऱ्या अंकापर्यंत तो सुटतो.

गो. स. घुर्ये यांचं 'इंडियन कॉस्च्युम' (१९५१) याच विषयावरचं, पण जातकुळी निराळी. घुर्ये मूळचे मालवणचे, मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक. त्यामुळे कोण काय नेसत होतं यापेक्षा कोण काय नेसू शकत होतं, याकडे नजर जास्त. मजकूर दाट आहे, चित्रं कृष्णधवल. ग्रंथालयात बसून टिपणं काढण्यासाठी उत्तम. विकत घ्यायची घाई करू नये.

पुन्हा अथैयांकडे, कारण 'गांधी'बद्दल बोलायचं राहिलं. या चित्रपटाची वेषभूषा हा कालक्रमाचा वस्तुपाठ आहे. १८९३मध्ये दक्षिण आफ्रिकेत उतरलेला सुटाबुटातला बॅरिस्टर, १९१५ला मायदेशी परतताना काठेवाडी पगडी आणि अंगरखा, २२ सप्टेंबर १९२१ रोजी मदुराईत कायमचा स्वीकारलेला पंचा. एकाच माणसाच्या कपड्यांतून पाव शतकाचं राजकारण वाचता येतं आणि एक तारीख मागेपुढे झाली तर सगळं ढासळतं. ऑस्करवर दुसरं नाव जॉन मोलो यांचं आहे. ते लष्करी गणवेशांचे गाढे अभ्यासक, त्या विषयावरची त्यांची पुस्तकं आहेत. चित्रकलेतून आलेली एक आणि गणवेशांच्या बटणांचा इतिहास पाठ असलेला दुसरा, अशी ती जोडी. पडद्यावर दोन्ही हात वेगळे ओळखता येतात का, हे बघत सिनेमा पुन्हा पाहण्यासारखा आहे.

३१ जानेवारी १९८१ला दिल्लीत चित्रित झालेल्या अंत्ययात्रेत तीन लाखांच्या आसपास लोक होते. एवढ्यांना कपडे कोण देणार? गर्दीच्या दृश्यात कपडे अंतरानुसार वाटायचे असतात: कॅमेऱ्याजवळच्या रांगांना नखशिखांत, मधल्यांना कमरेच्या वर, त्यामागे नुसती टोपी किंवा डोक्यावरून पदर. शेवटच्या रांगांत फक्त रंग सांभाळायचा. एक भडक निळा शर्ट मधे आला की डोळा तिथेच जातो. गणेशोत्सवातल्या पन्नास जणांच्या देखाव्यालाही हाच हिशेब लागू पडतो.

अथैयांचं सुरुवातीचं काम कृष्णधवल सिनेमातलं, 'प्यासा' (१९५७), 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२). ते फोटो बघताना विसरू नये की डोळ्यांना दिसणारा करडा हा मूळ कपड्याचा रंग नाही. लाल आणि हिरवा समोरासमोर ठेवले तर प्रत्यक्षात भांडतात. पण दोन्हींचा गडदपणा सारखा असेल, तर कृष्णधवलमध्ये काठ आणि अंग एकच होऊन जातं. पांढरंशुभ्र धोतर दिव्याखाली पेटतं आणि त्याच्या निऱ्या दिसेनाशा होतात. म्हणून पांढरं कापड चहाच्या कोमट पाण्यातून काढून किंचित मळकं करून घेतात. आज कुणी कृष्णधवल लघुपट करत असेल, तर कापड विकत घेण्याआधी दुकानातच मोबाइलवर त्याचा कृष्णधवल फोटो काढून बघावा. दोन मिनिटांचं काम आहे.

साडीवर दोन पुस्तकं आहेत आणि दोन्ही हवीत. शांताल बुलांजे या फ्रेंच अभ्यासिकेचं 'सारीज: ॲन इलस्ट्रेटेड गाइड टू द इंडियन आर्ट ऑफ ड्रेपिंग' (१९९७) आणि ऋता कपूर चिश्ती यांचं 'सारीज ऑफ इंडिया: ट्रॅडिशन अँड बियाँड' (२०१०). चिश्तींच्या पुस्तकात नेसण्याच्या १०८ तऱ्हा आहेत, प्रांतवार विणकामाची माहिती आहे आणि छपाई देखणी आहे. वजनही तसंच, मांडीवर घेऊन वाचायचं नाही. बुलांजेंचं पुस्तक तुलनेने रुक्ष, पण रेखाचित्रांनी टप्प्याटप्प्याने समजावतं. शिवाय त्यांनी नेसण्याच्या तऱ्हांची घराणी लावली आहेत. आपली काष्ट्याची नेसण धोतराच्या कुळातली आहे, हे एकदा पटलं की नऊवारी शिकवणं फार सोपं होतं. ज्याला धोतर नेसता येतं, त्याला अर्धी नऊवारी आलेलीच असते.

नऊवारी म्हणजे सव्वाआठ मीटर. पुस्तकात बघून पहिल्यांदा नेसवताना काय बिघडतं ते सांगतो. कमरेची पहिली गाठ सैल राहते आणि पुढचं सगळं तिच्यावरच उभं असतं. गाठ मारताना नेसणारीने श्वास सोडलेला असावा, नाहीतर नंतर श्वास सोडला की गाठ ढिली. दुसरं, काष्टा ओढताना तो मध्यावर येत नाही. निऱ्यांचा मधला काठ आधी चिमटीत धरून ठेवायचा आणि मगच पायांमधून मागे न्यायचा. पाठीमागे काठाची सरळ रेघ कण्याच्या खाली यायला हवी. दोन बोटं सरकली तरी मागच्या प्रेक्षकालाही कळतं. तिसरं, पन्हा. आज मिळणाऱ्या बऱ्याच साड्या बुटक्या नटीला घोट्याखाली लोळतात. मग कमरेला वरून दुमडून घ्यावं लागतं आणि तो दुमड ओच्याखाली लपवावा लागतो. शेतकरीण दाखवायची असेल तर सरळ पोटरीपर्यंत वर घ्या, कष्ट करणारी बाई घोळदार काष्टा नेसत नाही. चौथं, नवं सुती लुगडं खळीमुळे ऐकत नाही, दोनदा धुतल्याशिवाय निऱ्या बसत नाहीत. सिंथेटिक तर घसरतंच. त्याला आतून सुती पट्टा बांधण्यावाचून इलाज नाही. यातलं पहिलं आणि दुसरं बुलांजेंच्या चित्रांवरून ताडता येतं. बाकीचं हाताने करूनच कळतं.

आता ज्या पुस्तकासाठी पैसे साठवावेत ते. जॅनेट अर्नल्ड यांची 'पॅटर्न्स ऑफ फॅशन' ही मालिका. पहिला खंड १९६४चा (साधारण १६६० ते १८६०), दुसरा १९६६चा (१८६० ते १९४०), तिसरा १९८५चा (१५६० ते १६२०). चौथा त्यांच्या निधनानंतर २००८मध्ये आला. विषय सगळा युरोपी कपड्यांचा. मग आपल्याला काय उपयोग? ब्रिटिश राजवटीवरचं कुठलंही नाटक-सिनेमा काढा, गोरी मडम हवीच. 'लगान'ची कथा १८९३ची. त्या वर्षीची खांद्याशी फुगलेली बाही पुढच्या दोन-तीन वर्षांत केवढी वाढत गेली, हे दुसऱ्या खंडात पानोपानी दिसतं. १८८५ची घट्ट बाही आणि १८९५चा फुगा यांची सरमिसळ आपल्याकडच्या ऐतिहासिक नाटकांत सर्रास होते. हा खंड बघितलेला माणूस ती करणार नाही.

अर्नल्ड संग्रहालयांत जाऊन प्रत्यक्ष कपडे मोजत. नमुना चौकटीच्या कागदावर एक-अष्टमांश प्रमाणात, आतल्या बाजूच्या टिपा, अस्तर, जोड सगळ्यांसकट. पाठ आहे, काख आहे, उलटी बाजू आहे. कसोटीला इथे पैकीच्या पैकी.

वापरायची रीत अशी. नमुना आठपट करायचा, म्हणजे झेरॉक्सवर आधी ४०० टक्के आणि मग त्याचे २०० टक्के. पहिल्या मोठ्या प्रतीवरच पट्टी लावावी: मुळात इंचाचा आठवा भाग असलेला चौकोन तिथे अर्धा इंच हवा, शेवटी पूर्ण एक इंच. यंत्र कागद ओढताना एका दिशेने किंचित ताणतं. लहान प्रतीत न दिसणारी ती चूक आठपट होऊन कमरेला पाऊण इंचाचा फरक पाडते. जाड खंड काचेवर सपाट बसत नाही, शिवणीजवळची ओळ वाकडी येते. तो भाग झेरॉक्सच्या भरवशावर न सोडता चौकोन मोजून हाताने काढावा. नमुन्यात शिलाईची मार्जिन धरलेली नाही. ती सगळीकडून अर्धा इंच, बाजूच्या शिलाईला एक इंच वाढवायची. हे विसरून सरळ कापड कापलं की कपडा दोन माप लहान होतो. या पुस्तकाचा पहिला बळी बहुधा असाच जातो.

मग मांजरपाटाचा कच्चा नमुना धावदोऱ्याने जोडून अंगावर चढवायचा, पण कॉर्सेट (कंबर आवळणारी आतली ताठ चोळी) घालून. मूळ कपडा कॉर्सेटवर बेतलेला आहे. तशीच चोळी आजच्या मोकळ्या अंगावर चढवली की कमरेच्या वर आडव्या सुरकुत्या पडतात आणि शिंपी बिचारा बाजूने आवळत बसतो. दोष बाजूच्या शिलाईचा नसतोच. पाठीतल्या वक्र शिलाया आवळलेल्या अंगासाठी आखल्या आहेत, त्या मोकळ्या कराव्या लागतात. बाहीचा एखादा भाग उरेब (तिरपा) कापायचा असेल तर नमुन्यावर ताण्याची दिशा दाखवलेली असते. कापड वाचवायला तो सरळ कापला की फुगा खाली लोंबतो. घागऱ्यातले जोड बघून कुणाला वाटेल, आपल्याकडे ४४ इंची पन्हा आहे, जोड कशाला? पण तो जोडच घेर धरून ठेवतो. काढला की पडण बदलतं.

असं पुस्तक अंगरख्यावर, बाराबंदीवर, बंडीवर असायला हवं होतं. तोवर डोरोथी बर्नहॅम यांची 'कट माय कोट' (१९७३) ही छोटी पुस्तिका सोबत ठेवावी. मागावरच्या कापडाचा पन्हा कपड्याचा आकार कसा ठरवतो, एवढंच ती सांगते. पण तेवढ्याने आपल्या कळीदार कुडत्याचं कोडं सुटतं. सरळ पट्टे, तिरप्या कळ्या आणि काखेत चौकोनी तुकडा: कापड अजिबात वाया न घालवता हात वर करता यावा, म्हणून ही सगळी खटपट.

डेबोरा नॅडूलमन लँडिस यांची पुस्तकं हॉलिवूडची आहेत, देखणी आहेत, भेट द्यायला छान. त्यातल्या त्यात 'हॉलिवूड स्केचबुक' (२०१२) चित्रकलेच्या विद्यार्थ्यांनी बघावं. डिझायनरच्या नावावर गाजलेली कितीतरी रेखाटनं प्रत्यक्षात स्केच-आर्टिस्टनी काढलेली होती, हे त्यातून उमगतं. लँडिस स्वतः इंडियाना जोन्सच्या जॅकेटच्या कर्त्या. नवं कोरं चामडं त्यांनी चाकूने आणि तारेच्या ब्रशने खरवडून जुनं केलं होतं. सुती कपड्यालाही तोच न्याय: कॉलर, कोपर, गुडघा, खिशाची कड इथे पॉलिश पेपर मारायचा. सगळीकडून सारखं मळवलं की ते मळकं दिसत नाही, रंगवलेलं दिसतं.

क्लेअर विल्किन्सन-वेबर यांचं 'फॅशनिंग बॉलिवूड' (२०१४) या यादीत एकटं असं आहे, ज्यात डिझायनरच्या मागची माणसं मुख्य आहेत: ड्रेसमन, शिंपी, भाड्याने कपडे देणारे ड्रेसवाले. चित्रं थोडी, भाषा विद्यापीठी. काही पानं ओलांडायला चिकाटी लागते. तरी नाटक-सिनेमात काम करणाऱ्याने घ्यावं, कारण इस्त्री, कंटिन्युइटी (एका शॉटमधला पेहराव पुढच्या शॉटमध्ये तसाच राखणं) आणि एकाच कपड्याच्या चार-चार प्रती हा धंद्याचा निम्मा भाग बाकी पुस्तकांत औषधालाही नाही.

आणि चित्रपटाच्या इतिहासासाठी आशिष राजाध्यक्ष आणि पॉल विलमेन यांचा 'एन्सायक्लोपीडिया ऑफ इंडियन सिनेमा' (१९९४, सुधारित १९९९) टेबलावर असतोच. नोंदी विश्वासाच्या, मराठी सिनेमाही नीट घेतलेला. मात्र चित्रपटांच्या नोंदीत दिग्दर्शक, छायालेखक, गीतकार, संगीतकार ओळीने मिळतात, वेषभूषेला तशी ठरलेली जागा नाही. त्यासाठी सिनेमाच लावायचा आणि श्रेयनामावली थांबवून वाचायची. जुन्या चित्रपटांत 'ड्रेसेस' असा शब्द असतो, कधी त्यापुढे एखाद्या शिंप्याचं नाव, कधी नुसतं दुकानाचं. ते पेन्सिलीने कोशाच्या समासात लिहून ठेवावं. समास त्या मानाने बऱ्यापैकी रुंद आहे.